भूसंपादनाच्या प्रकरणात पक्षकार कोणाकोणाला करायचे? मराठवाड्यातील शेतकऱ्यांसाठी सविस्तर मार्गदर्शक

वाढीव मावेजाचा, म्हणजे संपादित जमिनीच्या मोबदल्याचा, निकाल लागतो. दर चांगला मिळालेला असतो, व्याजासह रक्कम मोठी झालेली असते. शेतकरी वसुलीची दरखास्त टाकतो आणि तेवढ्यात ज्या महामंडळासाठी जमीन घेतली होती ते उच्च न्यायालयात जाऊन सांगते, ‘आम्हाला या प्रकरणात पक्षकारच केले नव्हते, नोटीसही आली नाही.’ हे म्हणणे खरे निघाले तर निकाल रद्द होऊन प्रकरण फेरसुनावणीसाठी खाली येऊ शकते. साक्षी-पुरावे पुन्हा सुरू होतात. ज्याने अर्ज केला होता तो तोवर थकलेला असतो, कधीकधी हयातही नसतो. ही वेळ टाळण्याची जागा एकच आहे, ती म्हणजे पहिल्या अर्जाचे पहिले पान. त्या पानावर कोणाची नावे यावीत, कोणाची येऊ नयेत आणि ती कशी लिहावीत, हे पुढे टप्प्याटप्प्याने मांडले आहे.

कसोटी काय लावायची

कायद्यात दोन प्रकारचे पक्षकार मानले जातात, आवश्यक आणि योग्य. सर्वोच्च न्यायालयाने उदित नारायण सिंग प्रकरणात (१९६३) हा फरक स्पष्ट केला. ज्याच्याशिवाय परिणामकारक हुकूमच देता येत नाही तो आवश्यक पक्षकार. ज्याच्याशिवाय हुकूम देता येतो, पण वादाचा संपूर्ण आणि कायमचा निकाल लावायला ज्याची हजेरी लागते तो योग्य पक्षकार. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १, नियम ९ प्रमाणे एखादे नाव कमी-जास्त झाले म्हणून दावा बुडत नाही, मात्र आवश्यक पक्षकार राहिला असेल तर हे संरक्षण मिळत नाही.

व्यवहारात मी एकच प्रश्न विचारायला सांगतो. मी मागतोय तो हुकूम उद्या मिळाला, तर तो कोणाच्या हक्कावर किंवा कोणाच्या तिजोरीवर पडेल? ज्यांच्यावर पडेल ती सगळी नावे पहिल्या पानावर हवीत.

आधी प्रकरण कोणते आहे ते ठरवा

एकाच जमिनीवरून अनेक तऱ्हेची प्रकरणे उभी राहतात आणि प्रत्येकाची पक्षकारांची यादी वेगळी असते. मावेजा कमी मिळाला म्हणून केलेला संदर्भ अर्ज (वाद निकालासाठी पुढे पाठवा असा अर्ज) हे सर्वात नेहमीचे प्रकरण. जुन्या, १८९४ च्या कायद्यात तो कलम १८ खाली होतो, तर १ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या २०१३ च्या कायद्यात कलम ६४ खाली. मावेजाच्या रकमेत कोणाचा किती वाटा, हा वाद असेल तर जुन्या कायद्याचे कलम ३० किंवा नव्याचे कलम ७६. संपादनच बेकायदा आहे असे म्हणायचे असेल तर उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. संपादनाच्या अधिसूचनेला दिवाणी दाव्यात आव्हान देता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. राष्ट्रीय महामार्गाचा कायदा वेगळा आहे, त्यात लवादाकडे जावे लागते. या सगळ्यांनंतर अपील आणि दरखास्त येतात.

वकिलाकडे जाताना ‘माझी जमीन गेली’ एवढेच सांगू नका. कोणत्या कायद्याखाली गेली आणि तुम्हाला नेमके काय मागायचे आहे, हे सांगा. पक्षकारांची यादी त्यावरूनच निघते.

कागद कोणते गोळा करायचे

निवाड्याची, म्हणजे भूसंपादन अधिकाऱ्याने मावेजा ठरवून दिलेल्या हुकमाची, नक्कल सर्वात महत्त्वाची. त्यात गटनिहाय तक्ता असतो, कोणाच्या नावे किती क्षेत्र, किती विहिरी, किती झाडे आणि किती रक्कम हे त्यात दिसते. जमीन कोणासाठी घेतली तेही निवाड्याच्या सुरुवातीच्या परिच्छेदांत लिहिलेले असते. त्याच्या जोडीला संयुक्त मोजणी अहवाल, अधिसूचनेची प्रत, निवाड्याची नोटीस (जुन्या कायद्यात कलम १२(२), नव्यात ३७(२)), संपादनाच्या वेळचा सातबारा आणि त्यामागचे फेरफार घ्या.

इथे एक इशारा. आजचा सातबारा पाहून पक्षकार ठरवू नका. संपादनानंतर त्यावर प्रकल्पाचे नाव लागलेले असते आणि जुनी नावे निघून गेलेली असतात. अधिसूचना निघाली त्या वर्षाचा उतारा काढा. मराठवाड्यात त्याही मागे जाऊन १९५४-५५ चे खासरा पत्रक (जमिनीच्या नोंदींचे जुने पत्रक) जरूर पाहा. निजामी काळातून आलेल्या जमिनीवर मूळ धारक कोण, कूळ कोण, जमीन इनाम होती का, याचा माग बहुतेक वेळा तिथेच लागतो.

शासनाचे नाव कसे लिहायचे

‘जिल्हाधिकारी, बीड’ एवढेच लिहिलेले अर्ज आजही दिसतात. जिल्हाधिकारी ही कायद्याच्या दृष्टीने स्वतंत्र व्यक्ती नव्हे. संविधानाचे कलम ३०० आणि दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ७९ यांप्रमाणे पक्षकार राज्य असते आणि ते आपल्या अधिकाऱ्यामार्फत हजर होते. सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली आंध्र प्रदेशच्या वनखात्याच्या प्रकरणात हे ठणकावून सांगितले आहे.

समजा परतूर तालुक्यातली जमीन निम्न दुधना प्रकल्पाच्या बुडितात गेली. अर्जाचा मथळा साधारण असा होईल:

दावेदार: (निवाड्यातील सर्व खातेदार किंवा त्यांचे वारस, वय, धंदा, गाव)
विरुद्ध
१. महाराष्ट्र शासन, मार्फत जिल्हाधिकारी, जालना
२. विशेष भूसंपादन अधिकारी (निवाडा देणाऱ्या कार्यालयाचे निवाड्यावर आहे तसे पूर्ण नाव)
३. गोदावरी मराठवाडा पाटबंधारे विकास महामंडळ, मार्फत कार्यकारी संचालक, छत्रपती संभाजीनगर
४. कार्यकारी अभियंता (प्रकल्पाच्या विभागाचे नाव व पत्ता)

जमीन ज्या जिल्ह्यात आहे तिथला जिल्हाधिकारी घ्यायचा. धरण सेलू तालुक्यात म्हणजे परभणी जिल्ह्यात असले तरी जमीन जालन्याची असेल तर जालनाच. कार्यकारी अभियंत्याचे कार्यालय मात्र दुसऱ्या जिल्ह्यात असू शकते, म्हणून त्याचा पत्ता तपासून लिहा. नोटीस परत आली की तारखांवर तारखा जातात.

संपादन संस्था: सर्वात जास्त चुका इथेच

जमीन घेणारे शासन असते, पण पैसे देणारे दुसरेच कोणीतरी असते. जुन्या कायद्याचे कलम ५०(२) आणि नव्याचे कलम ९५ यांनी ज्या संस्थेच्या निधीतून जमीन घेतली जाते तिला मावेजाच्या प्रश्नावर हजर राहून पुरावा देण्याचा हक्क दिला आहे. संदर्भ मागण्याचा हक्क तिला नाही, पण शेतकऱ्याने मागितलेल्या वाढीला विरोध करण्याचा आहे.

यूपी आवास एवम् विकास परिषद विरुद्ध ग्यान देवी (१९९५) या निकालात घटनापीठाने या हक्काचा पूर्ण अर्थ सांगितला. संस्थेला जिल्हाधिकाऱ्यापुढे आणि संदर्भ न्यायालयापुढेही नोटीस मिळालीच पाहिजे. ती योग्य पक्षकार असल्याने तिला सामील करून घेतले पाहिजे. शेतकऱ्याने रक्कम वाढवण्यासाठी अपील केले तर तिथेही तिला पक्षकार करावे. नोटीस न देता रक्कम वाढवली असेल तर ती संस्था त्या निकालाला आव्हान देऊ शकते. ‘योग्य’ हा शब्द वाचून नाव टाकले नाही तरी चालेल असे समजू नका. परिणाम पाहिले तर ही संस्था शेतकऱ्याच्या दृष्टीने आवश्यकच आहे.

काही वकील मंडळी मुद्दाम नाव टाळतात. विरोध करायला कोणी नसले की दर सहज वाढेल, असा त्यांचा हिशेब असतो. मला हा सल्ला धोक्याचा वाटतो. असा वाढलेला दर टिकत नाही आणि त्यावर काढलेले कर्ज, ठरलेले लग्न, घेतलेली दुसरी जमीन सगळे अडचणीत येते.

आता संस्था ओळखायची कशी? मोठे आणि मध्यम पाटबंधारे प्रकल्प आज बहुतांशी गोदावरी मराठवाडा पाटबंधारे विकास महामंडळाकडे आहेत. हे महामंडळ १९९८ च्या स्वतंत्र कायद्याने झालेले आहे, त्यामुळे कार्यकारी अभियंत्याचे नाव टाकले म्हणजे महामंडळ आले असे होत नाही. पाझर तलाव आणि साठवण तलाव यांत जास्त गोंधळ होतो. गावात सगळे ‘इरिगेशनचा तलाव’ म्हणतात, पण तो जिल्हा परिषदेच्या लघुपाटबंधारे विभागाचा असू शकतो किंवा राज्याच्या जलसंधारण विभागाचा. जिल्हा परिषद असेल तर ती स्वतः कायदेशीर संस्था आहे, म्हणून ‘जिल्हा परिषद, मार्फत मुख्य कार्यकारी अधिकारी’ असे लिहायचे. जलसंधारण विभाग हा शासनाचाच भाग आहे. तिथे शासन पक्षकार असतेच, फक्त संबंधित कार्यकारी किंवा जलसंधारण अधिकाऱ्यामार्फतही नोटीस जाईल अशी सोय करायची. १९९३ च्या किल्लारी भूकंपानंतर लातूर-धाराशिव भागात गावे हलवण्यासाठी जमिनी घेतल्या गेल्या. पुनर्वसनाच्या अशा संपादनात वेगळी संस्था मधे आहे की शासन स्वतःच आहे, हे निवाड्यातूनच पाहावे.

औद्योगिक वसाहतीसाठी, उदाहरणार्थ शेंद्रा किंवा बिडकीन भागात, जमीन गेली असेल तर महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ. समृद्धी महामार्गासाठी गेली असेल तर महाराष्ट्र राज्य रस्ते विकास महामंडळ. रेल्वेसाठी गेली असेल तर ‘भारत सरकार, मार्फत महाव्यवस्थापक’ असे लिहायचे. कोणत्या रेल्वेचा महाव्यवस्थापक हे मार्गावर ठरते. नांदेड विभाग दक्षिण मध्य रेल्वेत येतो, त्याचे मुख्यालय सिकंदराबादला आहे. अहिल्यानगर-बीड-परळी मार्गाचे काम मध्य रेल्वेकडे. नुसते ‘स्टेशन मास्तर’ किंवा ‘रेल्वे इंजिनिअर’ लिहून भागत नाही.

राष्ट्रीय महामार्ग

सोलापूर-धुळे मार्ग, नांदेड-लातूर-तुळजापूर मार्ग अशा कामांत १९५६ च्या राष्ट्रीय महामार्ग कायद्याने जमीन जाते. सक्षम प्राधिकारी रक्कम ठरवतो आणि ती मान्य नसेल तर कलम ३जी(५) खाली लवादाकडे अर्ज करायचा. पक्षकार म्हणून राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरण, मार्फत प्रकल्प संचालक, आणि सक्षम प्राधिकारी (भूसंपादन) यांना घ्यायचे. पण प्रत्येक राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरणाच्या ताब्यात नसतो. काही पट्टे केंद्राच्या रस्ते वाहतूक मंत्रालयासाठी राज्याच्या सार्वजनिक बांधकाम खात्याचा राष्ट्रीय महामार्ग विभाग करतो. तिथे भारत सरकारचे नाव हवे. राजपत्रातली अधिसूचना वाचल्याशिवाय हे ठरवू नका.

लवादाच्या निर्णयाला जिल्हा न्यायालयात आव्हान देताना तीन महिन्यांची मुदत असते आणि पुरेसे कारण असेल तर आणखी फक्त तीस दिवस मिळतात. तिथे लवादाला पक्षकार करण्याची गरज नाही. रक्कम कोणाला किती हा वाद असेल तर तो लवादाकडे किंवा सक्षम प्राधिकाऱ्याकडे न सुटता कलम ३एच(४) प्रमाणे दिवाणी न्यायालयाकडे जातो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये विनोद कुमार प्रकरणात स्पष्ट केले आहे. आणि तिथे खरे पक्षकार म्हणजे घरचीच माणसे.

घरची माणसे: भाऊ, बहिणी, वारस

सातबारावर थोरल्या भावाचे नाव असते, कारण वडील वारल्यावर ‘एकत्र कुटुंबाचा कर्ता’ म्हणून तेच लागले. त्याने संदर्भ अर्ज केला, रक्कम वाढली. मग धाकटा येतो, बहिणी येतात आणि कोर्टात जमा झालेली रक्कम वर्षानुवर्षे अडकून पडते.

सहहिस्सेदारांबाबत कायदा थोडा दिलासा देतो. ए. विश्वनाथ पिल्लई प्रकरणात (१९९१) सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की एका सहमालकाने मागितलेल्या संदर्भाचा फायदा बाकीच्यांनाही मिळतो. तरीही त्यावर विसंबून राहू नये. शक्य असेल तर सगळ्यांनी मिळून एकच अर्ज करावा. एखादा भाऊ सही करायला तयार नसेल तर त्याला सामनेवाला करा आणि त्याच्याविरुद्ध काही मागणे नाही, तो फक्त रकमेत हिस्सेदार आहे, असे अर्जात लिहा.

बहिणींबद्दल स्पष्टच लिहितो. महाराष्ट्रात १९९४ च्या दुरुस्तीने आणि देशभर ९ सप्टेंबर २००५ पासून मुलगी वडिलोपार्जित मिळकतीत मुलाच्या बरोबरीची सहदायाद (जन्मतः हिस्सेदार) आहे, आणि विनीता शर्मा निकालाने (२०२०) त्यावरच्या बऱ्याच शंका मिटल्या. वडिलांच्या स्वकष्टार्जित जमिनीत तर ती वारस होतीच. ‘बहिणीने तोंडी हक्क सोडलाय’ असे सांगून तिचे नाव गाळू नका. नोंदणीकृत हक्कसोडपत्र असेल तर ते जोडा. नसेल तर ताईला पक्षकार करा आणि तिच्या वाट्याचे तिला मिळू द्या. पूर्वी वारलेल्या मुलाची विधवा आणि मुले हेही वारस आहेत. कोणी अज्ञान (१८ वर्षांखालील) असेल तर पालकामार्फत नाव लावायचे, नाहीतर त्याच्यापुरता हुकूम बांधील राहत नाही.

मावेजाच्या वाटपाच्या वादात सावकार, बँक, सेवा सहकारी सोसायटी यांचाही विचार करा. सातबाराच्या ‘इतर हक्क’ रकान्यात बोजा असेल तर रकमेतून तो वळता करून मागितला जातो.

एक अडचण नीट समजून घ्या. संदर्भ न्यायालयाला जिल्हाधिकाऱ्याने पाठवलेल्या संदर्भापुरताच अधिकार असतो. ज्याने संदर्भ मागितलाच नाही आणि जो निवाड्यात कुठेच नाही, असा माणूस थेट येऊन ‘जमीन माझी’ म्हणाला तर त्याचा हक्क तिथे ठरत नाही. श्यामली दास प्रकरणात (२००६) हेच सांगितले आहे. म्हणून हक्काचा वाद असेल तर निवाड्याच्या आधीच भूसंपादन अधिकाऱ्याकडे लेखी हरकत द्या आणि कलम ३० किंवा ७६ चा संदर्भ पाठवण्याची मागणी करा. पोहोच घेतल्याशिवाय कार्यालयातून बाहेर पडू नका.

कूळ, इनाम, वक्फ, देवस्थान

हा भाग मराठवाड्याचा स्वतःचा आहे. इथे १९५० चा हैदराबाद कूळवहिवाट कायदा लागू आहे. त्याच्या कलम ३८-ई खाली संरक्षित कुळाला मालकी मिळालेली असू शकते आणि सातबारावर तरीही जुन्या मालकाचे नाव राहिलेले असते. इतर हक्कात कुळाचे नाव असेल तर त्याला किंवा त्याच्या वारसांना वाटपाच्या प्रकरणात घ्यायलाच हवे. तो कूळ आहे की नाही हा प्रश्न दिवाणी न्यायालय ठरवत नाही, तो तहसीलदाराकडे जातो. म्हणून दोन्हीकडची तयारी ठेवा. २०१३ च्या कायद्याने ‘हितसंबंधित व्यक्ती’मध्ये राज्याच्या कायद्याखालचे कूळ, वहिवाटीचा हक्क असलेला माणूस आणि ज्याची उपजीविका संपादनाने धोक्यात येते तो, यांनाही धरले आहे. सालगड्यासारखा किंवा बटईदारासारखा माणूस पुनर्वसनाच्या लाभासाठी पुढे येऊ शकतो.

इनाम जमिनीला १९५४ चा हैदराबाद इनाम निर्मूलन कायदा आणि भोगवटादार वर्ग-२ (हस्तांतरणावर शासनाची बंधने असलेली जमीन) च्या अटी पाहाव्या लागतात. तिथे शासन नुसते पैसे देणारे नसते, रकमेत त्याचाही वाटा निघू शकतो, आणि तो वाद असेल तर शासनाला त्या भूमिकेतही उत्तर द्यायला लावा.

वक्फ जमीन असेल तर वक्फ कायदा, १९९५ च्या कलम ९१ प्रमाणे संपादनाची नोटीस वक्फ मंडळाला द्यावी लागते. महाराष्ट्र राज्य वक्फ मंडळाचे मुख्यालय छत्रपती संभाजीनगरलाच आहे. मुतवल्ली (वक्फचा व्यवस्थापक) एकटाच अर्जदार असेल तर मंडळाचे नाव जरूर टाका. देवस्थानात मूर्ती ही कायद्याने व्यक्ती मानली जाते, तेव्हा ‘श्री अमुक देवस्थान, मार्फत विश्वस्त’ असे लिहायचे. पुजाऱ्याने स्वतःच्या नावाने मावेजा मागणे आणि देवस्थानाच्या नावाने मागणे यांत मोठा फरक आहे. न्यास नोंदलेला असेल तर धर्मादाय कार्यालयातून सध्याच्या विश्वस्तांची यादी काढून सगळ्यांची नावे द्या.

रिट याचिकेत

औरंगाबाद खंडपीठात संपादनाला आव्हान देताना महाराष्ट्र शासन (संबंधित खात्याच्या प्रधान सचिवामार्फत), जिल्हाधिकारी, भूसंपादन अधिकारी आणि संपादन संस्था ही नावे लागतात. तुम्ही ‘कालवा माझ्या गटातून न नेता शेजारच्या गटातून न्या’ असे मागत असाल तर तो शेजारी आवश्यक पक्षकार झाला. त्याला न ऐकता तसा हुकूम होऊ शकत नाही.

एखाद्या अधिकाऱ्याने द्वेषबुद्धीने केले असा आरोप असेल तर त्याला व्यक्तिशः नावाने सामील करावे लागते. तसा ठोस आरोप नसेल तर तलाठी, मंडळ अधिकारी, मोजणीदार, मंत्री यांची नावे भरून यादी लांबवू नका. प्रत्येक वाढीव नाव म्हणजे एक नोटीस आणि ती बजावण्याची धडपड. अधिसूचनेनंतर जमीन खरेदी केलेल्याला संपादनालाच आव्हान देता येत नाही, तो फार तर रकमेवर हक्क सांगू शकतो.

नाव राहिलेच तर

आदेश १, नियम १०(२) खाली न्यायालय कोणत्याही टप्प्यावर पक्षकार जोडू शकते. वकिलांच्या भाषेत एक-दहाचा अर्ज. तो जितक्या लवकर द्याल तितके बरे, पुरावा सुरू होण्याआधी तर नक्कीच. अर्जात नाव, पत्ता, आधी का राहिले आणि त्याच्यावर निकालाचा काय परिणाम होतो हे लिहा. दिवाणी दाव्यात नव्या पक्षकाराविरुद्ध दावा साधारणपणे तो जोडला त्याच दिवशी दाखल झाला असे मुदतीसाठी धरतात. चूक सद्भावनेची असेल तर मुदत कायद्याच्या कलम २१ प्रमाणे न्यायालय आधीची तारीख धरू शकते. उलट बाजूने आवश्यक पक्षकार नसल्याची हरकत तुम्हाला घ्यायची असेल तर तीही पहिल्या संधीलाच घ्या.

अपिलात आणि कोणी वारल्यावर

संदर्भाच्या निकालातली सगळी नावे अपिलाच्या मथळ्यात जशीच्या तशी यायला हवीत. दोन भावांपैकी एकच अपील करत असेल तर दुसऱ्याला उत्तरवादी करा.

पक्षकार वारला तर वारसांची नावे लावायला ९० दिवस असतात. ते चुकले तर त्या पक्षकारापुरते अपील आपोआप संपते, आणि ते पुन्हा उभे करण्याचा अर्ज पुढच्या ६० दिवसांत द्यावा लागतो. त्यानंतर विलंबमाफीही मागावी लागते. याचा फटका शासनालाही बसतो. स्टेट ऑफ पंजाब विरुद्ध नथू राम (१९६२) हे भूसंपादनाचेच प्रकरण होते. दोन भावांच्या नावे एकत्रित निवाडा, त्यातला एक वारला, शासनाने त्याचे वारस लावले नाहीत, आणि शासनाचे अपील दुसऱ्या भावाविरुद्धही टिकले नाही. म्हणून शासनाच्या अपिलात तुम्ही उत्तरवादी असाल तरी घरातल्या मृत्यूची माहिती वकिलाला लगेच कळवा. मृत्यूची माहिती कोर्टाला देणे हे वकिलाचे कर्तव्य आहे, पण आधी ती त्याच्यापर्यंत पोहोचली पाहिजे. सोबत मृत्यूचा दाखला, वारसांची पूर्ण यादी, प्रत्येकाचे वय आणि सध्याचा पत्ता द्या. पुण्याला कामाला गेलेला मुलगा आणि सासरी नांदणारी मुलगी यांचे पत्तेही त्यात हवेत, गावचा पत्ता सगळ्यांना लावून भागत नाही.